चार वाजताची झुळूक

वारा-मंडळाच्या कचेरीत तक्रारीचा कागद घेऊन शिंपीणबाई रांगेत उभ्या होत्या. पुढे एक म्हातारा जादूगार निवृत्तीमुळे आपला वारा जमा करायला आलेला. फॉर्म बायको भरत होती.

“‘वारा घरासाठी वापरला का?’ नाही लिही.”

“खोटं लिहू? मग रोज चार वाजता माझ्या ओट्यापाशी झुळूक कुठून यायची?”

“तुला माहीत होतं?”

“तीस वर्षं! मागच्या गल्लीत पान हलायचं नाही आणि माझा पदर उडायचा.”

“मग बोलली का नाहीस?”

“बोलले असते, तर लाजून बंद केली असतीत.”

“अगं, ‘हो’ लिहिलंस तर माझं सन्मानपत्र जाईल!”

“जाऊ दे. भिंतीवर जागा कुठंय?”

“आणि उद्यापासून झुळूक?”

“चार वाजता पुठ्ठा घेऊन ओट्यापाशी यायचं. वारा घालायला.”

“...बरं. लिही ‘हो’.”

दोघं हळूहळू जिना उतरली.

“पुढे या. तक्रार काय?” कारकुनाने शिंपीणबाईंना विचारलं.

त्यांनी कागद पाहिला : ‘आमच्या गल्लीतला वारा रोज चार वाजता पडतो. तीस वर्षं झाली.’

त्यांनी त्याची घडी घालून स्वतःलाच वारा घातला.

“काही नाही हो. आमचं आम्ही बघू.”