मेलेल्या कप्तानाचा बूट

माझ्यासारखा जळकुकडा तुमाला शोधून सापडायचा नाय. रसायनीच्या कॉलनीत माझा मित्र दिलीप राहायचा. त्याच्याकडं दुबईच्या भावानं आणलेला कॉम्प्युटर होता, त्यावर हुकूम टाइप करून खेळायचा अवकाशयानातल्या भुतांचा गेम. शेवटच्या दाराची चावी त्याला महिनाभर सापडंना, पण मला तो कीबोर्डला हात लावू देईना.

एकदा तो चहा आणायला आत गेला. गेममधल्या यानात मेलेल्या कप्तानाचा बूट पडला होता. मी टाइप केलं, मेलेल्या कप्तानाचा बूट झटक. आमी कशेळ्याची माणसं, विंचवाच्या भीतीनं बूट झटकल्याशिवाय घालत नाय.

पडद्यावर अक्षरं आली, चावी पडली.

कॉम्प्युटर याचा, वर चावीपण यालाच? मी पिन उपटली.

"काय झालं रं?"

"बंद पडला आपोआप."

दिलीप अजून भेटला की म्हणतो, "तुझ्याकडं कॉम्प्युटर असता, तर तुला ती चावी नक्की सापडली असती."