उर्सुलाची शेवटची फिल्म आणि माझी सही

नमस्कार. रविवारची दुपार मोडून तुम्ही सगळे एनिस गावातल्या या हॉलमध्ये आलात, आभार. मी उभी आहे, कारण आमचे डॉक्टर उभे राहायला तयार नाहीत. माझे यजमान, हे समोर बसलेत. मंगळवारी उर्सुला गेल्याचा फोन आला, तेव्हाच म्हणाले, "मला जमणार नाही. तू बोल. तुला बोलायचंही आहे."

आहेच. म्हणून लिहून आणलंय. नुसती बोलले असते, तर नको ते गाळलं असतं.

मंडळी, जिचा हेवा वाटत होता, तिच्या शोकसभेत काय बोलायचं? होय, हेवा. शब्द बदलणार नाही.

उर्सुला जर्मनीची. इथे आयर्लंडात, आपल्या क्लेअर परगण्यातल्या एका हार्प बनवणाऱ्यावर फिल्म करायला आली आणि इथेच राहिली. त्याआधी मातीची भांडी करणारी एक विधवा, मग एक विणकर, चर्चच्या काचा रंगवणारे दोघे भाऊ. चाळीस वर्षं फक्त कलावंत. याच हॉलमध्ये तिने त्या फिल्म आपल्याला दाखवल्या. तुम्ही टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. तेव्हा ती माझ्या घरात आली नव्हती.

मग लायब्ररीत तिने डॉक्टरांची चित्रं पाहिली. तुम्हाला माहीत आहे, आयुष्यभर हॉस्पिटलात भूल दिली आणि निवृत्तीनंतर गॅरेजमध्ये कोळशाने हातांची चित्रं काढत बसले. नुसते हात. उर्सुला आली, आणि तीन महिने कॅमेरा न आणता त्या गॅरेजमध्ये बसली. तिची पद्धतच ती. दिवसाला एक प्रश्न. मग गप्प. समोरचा बोलेपर्यंत गप्प. डॉक्टरांना म्हणाली, तुमच्या भाषेत बोला, मला कळलं नाही तरी चालेल.

आता मला सांगा, आपल्या घरात दोन माणसं गप्प बसलेली आपल्याला चालतात का? मी चहा न्यायचे. चकल्या न्यायचे. कॅमेरा आल्यावरही न्यायचे. एकदा ती हसून म्हणाली, "वसुधा, तुझा चहा ग्रँड आहे. पण बरोबर त्याच क्षणी कशी येतेस?"

मी म्हटलं, "गार होतो म्हणून."

खोटं. आतला आवाज बारीक झाला की मी ट्रे उचलायचे. चाळीस वर्षांत माझ्याशी तो आवाज कधी बारीक झाला नव्हता.

गेल्या वर्षी तिने आम्हाला कच्ची फिल्म पाहायला घरी बोलावलं. पडद्यावर डॉक्टर कागदावर कोळसा घासताहेत. मान खाली. आणि म्हणतात, "मला चित्रकलेच्या कॉलेजात प्रवेश मिळाला होता. लग्न ठरलं, मी मेडिकलच चालू ठेवलं. हिला कधी सांगितलं नाही. हिने ते स्वतःला लावून घेतलं असतं." खाली इंग्रजी अक्षरं येत होती. मला ती वाचायची गरज नव्हती.

लगेच दार उघडतं. मी ट्रे घेऊन आत येते. डॉक्टर म्हणतात, "आलीस? ठेव."

बस. तिथे फिल्म संपते.

गाडीत मी विचारलं, "तिला सांगितलंत? तिला?"

"तिला कळत नव्हतं, म्हणून तर बोललो."

"मग भिंतीशी बोलायचं होतं."

"भिंत थांबत नाही गं माझ्यासाठी," म्हणाले. आता मान खाली घालू नका, डॉक्टर. म्हणालात.

फिल्ममध्ये मी दिसते, म्हणून दाखवायला माझी लेखी संमती हवी होती. मी उर्सुलाला सांगितलं, मला काप, मग दाखव. ती म्हणाली, "तुला कापलं तर तो कोणापासून लपवत होता, ते कसं दिसेल?" मी सही केली नाही. अकरा महिने. तिने दोनदा विचारलं. तिसऱ्यांदा विचारलं नाही, थांबली. तिला थांबता येत होतं. मला वाटलं, थांबू दे. मला कुठे माहीत होतं तिच्याकडे किती दिवस आहेत? तिने सांगितलं नाही. मीही विचारलं नाही. शेवटची फिल्म कपाटात ठेवून ती गेली.

हेवा गेलेला नाही. आजही वाटतो. माझ्या नवऱ्याला बोलतं करायला तिला तीन महिने पुरले. मी एवढी वर्षं शेजारी होते, आणि बोलत होते.

मागच्या रांगेत अँके बसली आहे. उर्सुलाच्या फिल्म एडिट करणारी. तिला मराठी कळत नाही. तिच्या शेजारच्यांनो, तिला सांगा पुढे ये म्हणून.

आता सगळ्यांनी उभं राहू या. दोन मिनिटं शांत. उर्सुला, तुला नमस्कार.

आणि इतिवृत्तात एवढं लिहून घ्या. अँकेच्या हाती दिलं: संमतीपत्र एक, पानं दोन, सही वसुधाची, साक्षीदार डॉक्टर. अटींच्या रकान्यात एकच ओळ आहे: काहीही कापू नये.