मुक्या वळणावरचं लिंबू

ऐका रं! त्या डीजेवाल्याला म्हणावं, वायर काढ घटकाभर. हळद लागली, जेवणं झाली, आता कुणी उठायचं नाय. ए पोरींनो, कोपऱ्यात काय कुजबुजताय? पुढं सरका. आणि समाधान, तू कुठं निघालास? बस हितं माझ्यासमोर. उद्या नवरदेवाची जीप तू चालवणार. सांबरघाटातनं जायचंय तुला. दुसरं कुणी नाय ऐकलं तरी चालंल, तू ऐकलंच पायजे.

तर ऐका. चाळीस वर्सं झाली. तवा मीबी जीपच चालवायचो. तालुक्याच्या स्टँडवरनं वर माळेवाडीला वडाप. आठ माणसांच्या गाडीत सतरा भरायची, आणि वर टपावर कोंबड्या. नामा ड्रायव्हर म्हणलं की अख्ख्या घाटात ओळख! हसू नका, व्हती ओळख. आणि माझ्या गाडीच्या हॉर्नची त्याहून जास्त. शेरडू खोकल्यावानी आवाज यायचा त्याचा. ब्याँऽऽ! माळेवाडीची माणसं आवाज ऐकून म्हणायची, नामा आला, चहा टाका.

थंडीचे दिवस. उसाचा हंगाम. दिवस बुडाला, मी गाडी लावून घरला निघालो व्हतो. तेवढ्यात पानपट्टीवाला धावत आला. "नामा, फोन आलाय! माळेवाडीच्या डॉक्टरांचा!"

माझी धाकटी बहीण सुंद्रा. माळेवाडीला दिलेली. तिसऱ्या पाराला चुलीला लाकडं काढाय गेली, आणि सरपणात जनावर व्हतं. डाव्या हाताला डसलं. फोनवर डॉक्टर म्हणाले, "माझ्याकडची इंजेक्शनं संपली. अजून लागतील. औषधाच्या दुकानात सांगून ठेवलंय. बर्फात घाल आणि आण. दोन तासांच्या आत आण, नामदेव."

डॉक्टर मला कधी नामदेव म्हणायचे नायत. तसाच पळालो दुकानाकडं.

थर्मासात बर्फ भरला, त्यात औषधाच्या बाटल्या. थर्मास शेजारच्या सीटवर उपरण्यानं बांधला, आणि निघालो. एकटा. बर्फ थर्मासात खुळूखुळू वाजायचा. तो आवाज ध्यानात ठेवा बरं का.

घाटाच्या पायथ्याला घाटाईची देवळी हाय. आजबी हाय. तिथं तीन हॉर्न द्यायचे, मगच गाडी वर चढवायची. आपला बापजाद्यापासनं रिवाज. मी बटण दाबलं. काय नाय. पुन्हा दाबलं. काय नाय! शेरडू मुकं झालं!

आता तुम्ही म्हणाल, तात्या, उतरून बघायचं की. आरं, सुंद्रा डोळ्यापुढं दिसत व्हती रं! म्हणलं, आई, आजच्या दिवस हात जोडतो, हॉर्न उद्या देतो. आणि घातली गाडी घाटात. चुकलं माझं. सरळ सांगतो, चुकलं.

सांबरघाटाला वळणं नऊ. सातव्याला म्हणतात मुकं वळण. का म्हणतात? तिथं पूर्वी एका ट्रकाचा हॉर्न बंद पडला व्हता. क्लीनर म्हणला, मी पुढं मडगार्डवर बसून सांगतो, तुम्ही चालवा. समोरनं दुसरी गाडी आली. क्लीनर गेला दरीत. तवापासनं म्हणायचे, ज्या गाडीला आवाज नाय, ती त्याची. मला हे ठाऊक व्हतं. पण ठाऊक असणं वेगळं आणि रातच्याला एकट्यानं आठवणं वेगळं!

पहिली तीन वळणं बरी गेली. चौथ्यावर आवाज आला. वरनं. ब्याँऽऽ!

माझ्याच गाडीचा हॉर्न! शेरडाचा! असला हॉर्न साऱ्या तालुक्यात दुसरा नाय!

मी गाडी डोंगराच्या कडंला घेतली. म्हणलं, येऊ दे त्याला खाली. थांबलो. कोण आलं? कुणी नाय. निघालो. पाचव्या वळणावर पुन्हा ब्याँऽऽ! पुन्हा थांबलो. पुन्हा कुणी नाय. असं तीनदा झालं. मला उशीर करत व्हतं ते! आणि थर्मासातला खुळखुळाट कमी कमी व्हायला लागला.

सहाव्यापास्नं धुकं. असलं दाट, की बॉनेट दिसंना. दिव्याचा उजेड भिंतीवर पडावा तसा पुढंच अडकायचा. आणि त्या धुक्यात एक माणूस उभा. डोक्यावरनं घोंगडी. पाय उलटे व्हते का, असं नका विचारू. मी पाय बघायला गेलो नव्हतो!

"हॉर्न बंद हाय वाटतं पाव्हणं?" तो म्हणला.

मी म्हणलं, "व्हय."

"चला, मी पुढं चालतो. वळण मी बघतो. तुम्ही माझ्या आवाजावर या."

माणसाला गरज असली की शहाणपण गहाण पडतं. मी म्हणलं, लई उपकार झालं. तो पुढं, मी मागं. तो वरडायचा, "येऊ दे… येऊ दे… डावीकडं घ्या… अजून थोडं… येऊ दे…" गोड आवाज. सवयीचा. अगदी जुन्या क्लीनरसारखा.

आणि तिथंच मला काहीतरी खटकलं. समाधान, तूच सांग. क्लीनर गाडी सांगताना आणिक काय करतो?

बरोबर! पत्र्यावर थाप मारतो! दोन थापा, चलू दे. एक थाप, थांब. धुक्यात तर हटकून मारतो. हा नुसता बोलत व्हता. एकदाबी थाप नाय. का नाय? कारण लोखंडाला हात लावता येत नाय त्याला! आणि सातवं वळण आलं व्हतं!

मी ब्रेकवर उभाच राहिलो. हँडब्रेक ओढला. टॉर्च घेतली, डावीकडचं दार उघडून खाली उजेड टाकला. पुढचं डावं चाक दरीच्या काठावर. खाली नुसतं धुकं. एक वीत. ही एवढी. एवढीच जमीन राहिली व्हती.

"का थांबला?" अंधारातनं आवाज. "येऊ दे की."

मी दार लावून घेतलं. मागं जायला मागचं दिसंना. पुढं दरी. गाडी आडवी, वळणावर. आणि उसाचे भरलेले ट्रक रात्रभर त्याच घाटानं उतरायचे! एखादा आला तर मला बघूस्तोवर माझ्यावरच यायचा. पळून जावं? चालत? थर्मास घेऊन चार मैल चढ? तवर सुंद्रा…

मी रडलो. लपवत नाय. अठ्ठावीस वर्सांचा बाप्या, स्टेरिंगवर डोकं ठेवून रडलो.

आणि तवा मला गफूरमिस्त्री आठवले. माझे उस्ताद. ते म्हणायचे, "नामा, हॉर्न मेला तर शिव्या देऊ नको. करंट ज्या वाटेनं जातो, त्या वाटेनं तूबी जा. कुठंतरी वाट तुटलेली असते. तेवढीच जोडायची."

म्हणलं, चला. आधी फ्यूज. काढला, टॉर्चपुढं धरला. तार शाबूत. मंग कान खाली लावून बटण दाबलं. डॅशबोर्डाखाली, हॉर्नला करंट सोडणारी रिले वाजली. टक! पुन्हा दाबलं. टक! म्हणजे बटण जिवंत, फ्यूज जिवंत. दुखणं पुढं हाय. बॉनेटखाली.

म्हणजे खाली उतरायचं.

उतरलो. डोंगराच्या बाजूनं. टॉर्च तोंडात धरली, बॉनेट उघडलं. तो तिथंच उभा. चार हातांवर. मी मान वर नाय केली. बॅटरीवरनं एक वायर घेतली, सरळ हॉर्नच्या टोकाला लावली. आवाज नाय! मधली वायर खराब असती तर एवढ्यानं वाजायला पायजे व्हता.

"मेलाय तो," घोंगडीवाला म्हणला. "सोडून द्या."

आणि मंग सुंद्राचा आवाज आला. माझ्या पाठीमागनं. "नामादादा, हात लई जळतोय रं. मागं बघ की."

नाय बघितलं. दात घट्ट आवळले. गफूरमिस्त्री म्हणायचे, करंट नुसता येऊन चालत नाय, त्याला माघारी जायला अर्थ लागतो, म्हणजे गाडीच्या लोखंडाशी पक्का जोड. दुसरी वायर घेतली. एक टोक बॅटरीच्या मायनसला, दुसरं हॉर्नच्या अंगाला टेकवलं.

ब्याँ!

निसटतं. एवढंच. पण वाजला! हॉर्न जित्ता हाय! अर्थ तुटलाय! हॉर्न ज्या बोल्टानं गाडीला आवळतात, त्या बोल्टावर टॉर्च मारली. सगळा हिरवा-पांढरा मळ. फुगलेला, खरजेसारखा. आणि त्या बोल्टाला काय लटकत व्हतं?

लिंबू-मिरची!

मीच बांधलेलं. दर शनिवारी. जुनं तसंच ठेवून त्यावर नवं. भूतबाधा नको, नजर नको, म्हणून! वरचं लिंबू पिचकायचं, रस बोल्टावर गळायचा, आंबटानं लोखंड खाल्लं. वर्सभर मी माझ्याच हातानं माझ्या गाडीचा गळा दाबत व्हतो!

मी दोऱ्याला हात घातला. तसा तो एकदम जवळ आला. दोन हातांवर. गार वारं अंगावर आलं.

"ते काढू नका," तो म्हणला. लई मायेनं म्हणला. "तेच राखतंय तुम्हाला. ते काढलं तर मी काय करीन सांगता येत नाय."

आता सांगा. मुकं वळण. समोर तो. आणि हातातली एवढी एकच राखण. काढायची? मी हात मागं घेतला. खरं सांगतो, घेतला.

आणि मंग ध्यानात आलं, इंजन चालू हाय, गाडी हादरतेय, तरी थर्मास गप हाय. बर्फ वाजत नाय. मी कान टवकारला. कायच नाय. आणि डोक्यात लख्ख उजेड पडला. आरं नामा, हा तुला दरीत घालायला निघालेला. ह्याला तुझी एवढी काळजी कधीपासनं? ह्याला लिंबू का हवंय? कारण लिंबू हाय तवर हॉर्न मुका हाय!

मी ती माळ तोडली आणि दिली दरीत भिरकावून. तो वरडला. काय वरडला रं! कानाला दडे बसले. टॉर्च विझली. मी अंधारात बोल्ट ढिला केला. पान्हा हातात व्हता, लोखंडाचा, तेवढाच आधार. चाकूनं बोल्ट खरवडला. खालचा पत्रा खरवडला. चकचकीत लोखंड बोटाला लागूस्तोवर. बोटं सोलली. सुंद्राच्या आवाजात ते रडत व्हतं, माझ्या आईच्या आवाजात शिव्या देत व्हतं. मी बोल्ट आवळला. आवळला. आत उडी घेतली आणि बटणावर दोन्ही हात ठेवले.

ब्याँऽऽऽऽऽऽऽऽ!

साऱ्या घाटात! ह्या डोंगरावरनं त्या डोंगरावर! आणि वरच्या वळणावरनं उत्तर आलं. पों पोंऽऽ! जाड, ट्रकाचा. पाठोपाठ करकचून ब्रेक. धुक्यात दोन पिवळे दिवे, अगदी तोंडावर, आणि थांबले. उसानं भरलेला ट्रक! दहा पावलांवर!

ड्रायव्हर उतरला, पांढराफटक. "बाबा, हॉर्न ऐकला म्हणून थांबलो! आडवा काय उभा हायस?" त्याचा म्हातारा क्लीनर माझ्या गाडीमागं गेला. आणि पत्र्यावर थाप मारली. धप्! धप्! "येऊ दे मागं!"

आयुष्यात त्या थापेएवढं गोड काय ऐकलं नाय मी. त्याच्या थापांवर गाडी मागं घेतली, वाटेला लावली. घोंगडीवाला? कुठंच नव्हता.

माळेवाडीला पोचलो. डॉक्टरांनी थर्मास उघडला. आत बोराएवढा एक बर्फाचा तुकडा. बाटल्यांना हात लावला, म्हणाले, "गार आहेत. ये आत." पहाटे सुंद्रानं डोळे उघडले. मला म्हणली काय? "दादा, गाडी कुठं घासलीस? बोटाला रक्त हाय."

ती बघा, तिकडं पान लावत बसलीय ती सुंद्रा. उद्याच्या नवरदेवाची आजी. ते डॉक्टर म्हणायचे, अजून अर्धा तास गेला असता तर सुंद्रा हाताला लागली नसती. म्हणजे ना तिचा पोरगा मोठा झाला असता, ना नातू बोहल्यावर चढता, ना तुम्ही हितं जिलेबी हाणता.

तर पोरांनो, मुकी गाडी घेऊन त्या घाटात जाऊ नका. कधी नाय. किती घाई असली तरी नाय. पायथ्याला तीन हॉर्न द्या. हॉर्न वाजला तर तो घोंगडीवाला तुमच्या वाटंला येत नाय. चाळीस वर्सं मी गेलो, पुन्हा नाय दिसला. नाय वाजला, तर तिथंच उतरा, आणि करंटाच्या वाटेनं जा.

आरं समाधान, कुठं पळालास? बघा, टॉर्च घेऊन गाडीपुढं वाकलाय! काय हाय रं तिथं? बोल की मोठ्यानं!

काय म्हणतोस? बोल्टाला? लिंबू?

हसा आता! हसा! सुंद्रे, ऊठ गं, तूच जा. तुझ्या हातानं सोड ते, आणि आत आरशाला बांध. देवाचंबी राहू दे आणि लोखंडाचंबी. समाधान, बोल्ट खरवडून आवळ नीट. झालं? मंग बस आत. घाटाकडं तोंड करून तीन हॉर्न दे.

एक… दोन… तीन!

वाजला रं वाजला! आता झोपा बिनघोर.