पुंजारामच्या गाडीचं वाढतं तेल

...नाय, तुम्हीच सांगा, पावणेतीन लिटर. एवढुशी गाडी, त्यात पावणेतीन लिटर तेल, आणि त्याच्यापायी माणसाचे दोन महिने जातात म्हणजे काय? दोन महिन्यांत मूग पेरून, तोडून, झोडपून घरात येतो. इथं तेल डब्यातून इंजिनात जाईना. आणि गेलं तर खुणेवर राहीना... आणि रोज सकाळी आमच्या भिंतीपलीकडून तोच आवाज. पुंजारामची आई विचारायची, "पुंजा, कवा निघायचं रं?" आणि हा म्हणायचा, "एवढं तेलाचं झालं की निघालोच."

तुम्हाला सांगतो, पुंजाराम माणूस वाईट नाही. पडेगावात आमची त्याची भिंतीला भिंत, वीस वर्षं बघतोय. चितेगावच्या एका कंपनीत क्वालिटीला आहे. म्हणजे दिवसभर हातात मोजमापाचं हत्यार, केसाएवढा फरक दिसला की माल परत. कंपनीसाठी चांगलं आहे हो, पण असा माणूस घरी आला की काय होतं? भाकरी कडेला जाड नि मधी पातळ का, हे तो विचारतो. वच्छलाबाई, त्याची बायको, तिनं पंचवीस वर्षं ऐकून घेतलं, आता ती भाकरी ताटात टाकते नि म्हणते, "पास करा न्हाय तर नापास करा, दुसरी मिळायची न्हाय."

तर त्याची आई साळूबाई. त्र्याहत्तर वर्षांची. खुब्याचं हाड मोडल्यापासून एस्टीची पायरी काही तिच्यानं चढवत नाही. तिला जायचं होतं फर्दापूरला, थोरल्या बहिणीकडं, दगडाबाईकडं. आता फर्दापूर काय विलायतेत आहे का? हर्सूल, फुलंब्री, सिल्लोड, पुढं अजिंठ्याचा घाट उतरला की आलंच. आणि बहीण तरी कशी... पोलिस अॅक्शनच्या वर्षी, रझाकार येऊ लागले अशी हूल उठली, सगळं गाव पळालं, तेव्हा ही साळू पाच वर्षांची, आई तापानं फणफणलेली, आणि बारा वर्षांच्या दगडाबाईनं हिला लुगड्यानं पाठीवर बांधलं नि डोंगरात चढली. आठ दिवस. खायला काय, तर भाजलेली कणसं, तीही दगडाबाई दातानं बारीक करून हिच्या तोंडात घालायची. अशी बहीण. ती आता ऐंशीची झालेली, अंथरुणाला खिळलेली, आणि फोनवर एकच धोशा, "साळे, एकदा येऊन जा."

मग न्यायचं ना आईला? गाडी दारात आहे ना? पण नाही. पुंजाराम म्हणाला, दोनशे किलोमीटरचा जाऊन-येऊन पल्ला, दोन घाट, तेल जुनं झालंय, आधी तेल बदलू. बरोबर आहे की नाही? ऐकायला बरोबरच वाटतं हो. मलाही वाटलं.

तो गेला मोंढा नाक्याला दुकानात. दुकानदार म्हणाला, "कोणतं देऊ?" हा म्हणाला, "पुस्तकात पाच-तीस लिहिलंय." दुकानदार म्हणाला, "पुस्तक नव्या गाडीचं असतं काका. तुमची किती पळाली? नव्वद हजार? मग पाच-तीस पातळ पडेल. वीस-चाळीस घ्या, घट्ट." हा परत आला. कंपनीत सांडू म्हणून एक मशीनवाला आहे, तो म्हणाला, घट्ट अजिबात नको, सकाळी इंजिन सुकं राहतं, सिंथेटिक घाल. आता सिंथेटिक पुरं की अर्धं? मग हा मोबाइलवर व्हिडिओ बघायला लागला. त्यात एक दिल्लीकडला माणूस बर्फ पडतो तिथलं तेल समजावून सांगतोय, आणि आमचा पुंजाराम पडेगावच्या चाळीस डिग्रीत वहीत उतरवून घेतोय. तीन रविवार गेले. आईनं विचारलं, "निघायचं का?" एवढं तेलाचं झालं की निघालोच.

एक दिवस दगडाबाईचा फोन. तिच्या नातसुनेनं, आशाबाईनं, फोन कानाला धरलेला. म्हातारीला ऐकू कमी, म्हणून इकडून साळूबाई ओरडून बोलते, तिकडून ती ओरडून बोलते, मला माझ्या अंगणात दोन्हीकडचं ऐकू येतंय.

"कवा येतीस गं?"

"पुंजा म्हनतो, तेलाचं झालं की."

"कसलं तेल?"

"गाडीचं."

"मंग करडीचं घाल म्हनावं आन ये."

हसलो आम्ही सगळे. वच्छलाबाई हसली, पुंजारामही हसला. साळूबाई मात्र हसली नाही. फोन मांडीवर ठेवून ती म्हणाली, "आक्काचा आवाज बारीक झालाय."

शेवटी पुस्तकातलंच पाच-तीस आणलं. जुनं काढलं, फिल्टर बदलला, आणि पावणेतीन लिटर तेल कसं मोजलं असेल? वच्छलाबाईच्या दुधाच्या मापानं. माप परत धुऊन दिलं तर तिनं ते फेकूनच दिलं, ते असो. ओतलं. दहा मिनिटं थांबला. तेलाची पट्टी काढली, पुसली, परत घातली, परत काढली. त्या पट्टीवर दोन खुणा असतात, खालची नि वरची, तेल त्यांच्या मधी पाहिजे, कमी पडलं तर इंजिन घासतं, जास्त झालं तर धूर निघतो नि सांध्यांतून बाहेर येतं. बरोबर वरच्या खुणेला टेकलेलं. खूश झाला. आईला म्हणाला, पुढच्या रविवारी निघायचं.

पुढच्या रविवारी पहाटं पट्टी काढून बघतो, तर तेल वरच्या खुणेच्या वर. बोटभर.

आता तेल वाढतं का हो कधी? तुम्ही ऐकलंय? कमी होतं, जळतं, गळतं. वाढतं? यानं नळी घातली, जास्तीचं ओढून काढलं, खुणेवर आणलं. पण मनात किडा. असल्या गाडीत आईला बसवून घाटात कसं न्यायचं? पुढचा रविवार, परत वाढलेलं. नेली रोशन गेटला, रऊफभाईच्या गॅरेजला. रऊफभाईनं पट्टी नाकाला लावली, तेल बोटावर चोळलं, म्हणाला, "पेट्रोल की बू नई, पानी बी नई. पच्चीस बरसां से गाड्या खोल रहा मैं मियाँ, तेल कम होते देखा, ज्यादा होते नई देखा. इंजन है के गाय है?" मग म्हणाला, गाडी चार दिवस ठेव, खोलून बघतो. खोलून बघितली. काही नाही. परत बंद केली. पुढचा रविवार, परत बोटभर.

आता तुम्ही म्हणाल, गाडी आठवडाभर कुठं असायची? तिथंच तर सगळं दुखणं आहे, तुम्हाला सांगतो.

पुंजारामचा धाकटा भाऊ, फकिरा. त्याच घरात वरच्या मजल्यावर राहतो, दौलताबादकडं एका शाळेत मास्तर आहे. गाडी दोघांनी मिळून घेतलेली. पुंजाराम कंपनीच्या बसनं जातो, म्हणून सहा दिवस गाडी फकिराकडं, रविवारी पुंजारामकडं. किल्ली आईच्या खोलीत खिळ्याला. आणि हे सगळं, एक शब्द न बोलता. तीन वर्षं दोघं भाऊ बोलत नाहीत. कशापायी? जमीन? नाही. वाटणी? नाही. पुंजारामच्या पोरीच्या लग्नाची पत्रिका. छापणाऱ्यानं खालच्या नावांत फकिराचं नाव गाळलं. जन्मभर दुसऱ्याचा माल तपासणाऱ्या माणसानं घरची पत्रिका तपासली नाही. फकिरा लग्नाला आला. दिवसभर उभा राहून पंगती वाढल्या, स्वतः पाणीसुद्धा प्यायला नाही, आणि संध्याकाळी वर गेला तो गेलाच. पुंजारामला रोज वाटायचं, वर जावं, म्हणावं, बाबा, चुकलं. पण जिना चौदा पायऱ्यांचा. त्यानं मोजलेला आहे. पहिल्या पायरीवर पाय ठेवून परत फिरलेलं मी त्याला डोळ्यानं बघितलंय.

तर दोन महिने झाले, आणि एका सकाळी आशाबाईचा फोन आला. दगडाबाई पहाटं गेली.

साळूबाई रडली नाही. पदर डोक्यावरून घेतला, काठी घेतली, गाडीत मागं जाऊन बसली. म्हणाली, "चला." कुणाला म्हणाली? दोघांनाही. फकिरा जिन्यातून खाली आलेलाच होता. पुंजाराम चालवायला, फकिरा शेजारी, मागं म्हातारी नि वच्छलाबाई. तीन वर्षांत पहिल्यांदा दोघं भाऊ हातभर अंतरावर, आणि हर्सूल गेलं, सावंगी गेली, कुणी बोललं नाही. त्या दिवशी पट्टी बघायचीही शुद्ध पुंजारामला राहिली नव्हती. आयुष्यात एकदा त्यानं मोजलं नाही.

चौक्याच्या घाटात मागं निळा धूर सुटला. हे मला पुंजारामनंच नंतर सांगितलं. गाडी कडेला घेतली. इंजिनाच्या सांध्यांतून तेल पाझरतंय. तो म्हणाला, चढावर मोजता येत नाही, सपाटीवर घ्या. ढकलत सपाटीवर घेतली. म्हणाला, दहा मिनिटं थांबावं लागतं. थांबले. म्हणजे काय म्हणावं या माणसाला... फर्दापूरहून फोनवर फोन, "ऊन लई झालंय, मातीला बारापर्यंत थांबतो," आणि हा रस्त्याच्या कडेला घड्याळ धरून उभा. पट्टी काढली. दोन बोटं वर.

"परत वाढलं," तो स्वतःशीच म्हणाला.

फकिरा पलीकडून म्हणाला, "मी घातलं काल. अर्धा लिटर."

पुंजारामनं मान वर केली. "तू घातलं?"

"कमी व्हतं. दर बुधवारी-गुरुवारी कमीच असतंय. तेल खातीय गाडी. म्हनलं आईला घाटात न्यायचंय, कमी नको."

"कवा मोजतो?"

"शाळेतून आल्यावर. फाटकापाशी."

"फाटकापाशी उतार हाये. आन इंजिन गरम. तेल वर चढलेलं असतं, कमीच दिसनार."

"मला काय ठाव?"

"मी दर ऐतवारी काढत व्हतो रं."

"तू काढत व्हता?"

एक काढतोय, एक घालतोय, दोन महिने, दोघंही आईसाठीच, आणि मधी एक जिना. पुंजाराम म्हणाला, "सांगायचं तरी." फकिरा म्हणाला, "तूबी सांगायचं." आणि मग फकिरानं बाटली धरली, पुंजारामनं नळी लावली. पुंजाराम घाईघाईनं ओढत होता, तेल रस्त्यावर सांडत होतं, फकिरा म्हणत होता, "सावकाश, दादा." मागची काच खाली होती. साळूबाईनं सगळं ऐकलं.

फर्दापूरला पोचले तेव्हा सव्वा वाजला होता. माती होऊन माणसं नदीवरून अंघोळ करून परत येत होती. दगडाबाईची बाज उभी करून भिंतीला लावलेली. साळूबाई त्या बाजेपाशी खाली बसली, बाजेच्या सुंभावर हात ठेवला, आणि आशाबाईला विचारलं, "माझं नाव काढलं व्हतं का गं?"

आशाबाई म्हणाली, "रोज, आजी. रोज सकाळी इचारायच्या, साळू निघाली का? आमी म्हनायचो, निघालीच हाये."

पुंजाराम दारात उभा होता. तो मला म्हणाला, त्याला आत पाऊल टाकवेना. फकिरानं त्याच्या पाठीवर हात ठेवला, तेलाचाच हात, सदऱ्यावर पाच बोटं उमटली. तो सदरा वच्छलाबाईनं तीनदा धुतला, निघत नाही.

येताना सिल्लोडच्या पुढं ऊन कललं तेव्हा म्हातारी पहिल्यांदा बोलली. "पुंजा, तेल झालं का रं बराबर?"

"झालं, माय."

"मंग हळू चालव. आता घाई न्हाय."

आता तुम्हाला सांगतो, दोघं भाऊ बोलतात. अगदी चांगलं बोलतात. दर रविवारी सकाळी, गाडी थंड, अंगण सपाट, पुंजाराम पट्टी काढतो, फकिरा वाकून बघतो. "बराबर हाये." "व्हय, बराबर हाये." रऊफभाईनं सांध्यांना नवं पॅकिंग बसवलं, एक थेंब गळत नाही. मग दोघं आईच्या खोलीत जातात, विचारतात, माय, कुठं जायचं का? पैठणला नेऊ? वेरूळला? म्हातारी खाटेवर पडून असते, भिंतीकडं तोंड करून म्हणते, "तिकडं कोन हाये माझं?" आणि दोघं परत बाहेर येऊन गाडी पुसायला लागतात... पुसून पुसून रंग उडाला हो एका बाजूचा. तेव्हा मी काय म्हणतो, तुमच्यापैकी कुणाला कुणाकडं जायचं राहिलं असेल, तर बिनधास्त सांगा. गाडी उभीच आहे.