जोकराची चाल

वरठी स्टेशनवर तिकिटाच्या रांगेत रीताच्या पुढे एकोडी गावचे परसराम आणि त्यांची बायको मंगलाबाई उभे होते. परसरामच्या पिशवीतून हातभर लांब लाल बूट डोकावत होते.

"बर्गरवाल्या कंपनीनं माहा जोकरच बंद केला," परसराम मंगलाबाईला सांगत होते. " नागपूरले जाऊन सही करून येतो."

"कायची सही?"

"बूट वापस द्याचे. अन् जोकराची चाल पुन्हा कुठीच चालाची नाही. चाल कंपनीची हाय म्हणते."

"तुमीच शिकवली ना बाकीच्या जोकराह्यले?"

"मीच. बारा दुकानांतले जोकर माह्यासारखेच गुडघे उचलते."

"अन् तुमी कुठं शिकले?"

"धानाच्या रोवण्यात. बांधीच्या धुऱ्यावर बसून पाहो."

"कोणाले?"

"तुलेच. चिखलात गुडघे उचलत चाले तू."

"मंग माह्या चालीची सही तुमी काहून करता?"

"अवं, नोटीस येईन."

"येऊ द्या. आखाडात एकोडीच्या साऱ्या बाया तशाच चालतीन. किती नोटिसा धाडते, पाहू."

खिडकीतून आवाज आला, "कुठलं?"

"एक नागपूर. हे घरी जातीन," मंगलाबाई म्हणाली. "बूट द्या इकडं. सायबाले सांगतो, आधी चिखलाच्या बांधीत उतर, मंग चालीचं बोलू."

रीताला उलट्या दिशेला, तुमसरला जायचं होतं. तिनंही मंगलाबाईच्या मागोमाग नागपूर मागितलं.