कोंबडीचा पाव

जनावरांच्या दवाखान्यात शिंपीणबाई मांजर घेऊन बसल्या होत्या. शेजारी एक म्हातारा टोपलीतली आजारी कोंबडी सांभाळत होता आणि त्याची थोरली बहीण त्याला फैलावर घेत होती.

"काय घातलंस हिला?"

"उरलंसुरलं. पाव."

"बुरशी आलेला?"

"थोडीशीच होती. खरवडली."

"खरवडून जाते होय! बटाट्याची हिरवी सालं?"

"छे. तुझी भावजय गेल्यापासून बटाटे सोलतंय कोण?"

"मग तू काय खातोस?"

"तेच. माझं झालं की उरलेलं हिला."

"तोच पाव?"

म्हातारा कोंबडीच्या पाठीवरून हात फिरवत राहिला.

"इथून दोघंही माझ्याकडे चला."

"ही घरभर घाण करते, ताई."

"तू लहानपणी कमी करायचास?"

तेवढ्यात शिंपीणबाईंचा नंबर पुकारला.

"आधी यांना जाऊ द्या," त्या म्हणाल्या.