शेठनी जिंकलेली जमीन

हरलेल्या दाव्यांची मला लाज नाही रे, लाज वाटते ती एका जिंकलेल्याची. तिकोणा पेठेच्या वरच्या वाडीतल्या आबांशी मुंबईच्या एका शेठनी जमीन खरेदीचं साठेखत केलं, विसाराची आगाऊ रक्कमही दिली. आदिवासीची जमीन, म्हणजे कलेक्टरच्या परवानगीशिवाय विकता येत नाही. ती काय, मिळतेच, असं धरून शेठनी आधीच तिथं लोखंडी गेट बसवलं आणि त्यावर स्वतःचं नाव लावलं. ते नाव बघून आबा बिथरले, विसार परत घ्या म्हणाले. शेठ ऐकतायत कुठले. त्यांनी मला वकील नेमून आबांवर दावा ठोकला.

मी जिंकलो. कोर्टानं हुकूम दिला, की आबांनी परवानगीचा अर्ज करावा आणि ती मिळाली तर खरेदीखत करून द्यावं. शेठनी पेढे वाटले. अर्ज मी लिहिला, आबांनी मुकाट अंगठा दिला. सुनावणीला तर शेठनी त्यांना स्वतःच्या एसी गाडीतून आणलं.

कलेक्टरसाहेबांनी विचारलं, "आबा, जमीन विकायची गरज का पडली?"

"मला न्हाई पडली, सायेब."

"मग अर्ज का केलात?"

"कोर्टानं कर म्हनलं, म्या केला. गरज या शेठला हाय. लय हाय. त्याला इचारा."

अर्ज फेटाळला गेला. बाहेर येऊन शेठ माझ्यावर खेकसले, "यानं कोर्टाचा हुकूम मोडला."

"मोडला कुठे? तंतोतंत पाळला," मी म्हणालो.

आबा गाडीपाशीच उभे होते. म्हणाले, "शेठ, तेवढं नाव काढून न्या. गेट ऱ्हाऊ द्या, शेळ्या बांधायला बरं पडतंय."